झोपेचा हिशेब

मिरकरवाडा, रत्नागिरी
जुलै महिना

चि. बाळास,


तू पाठवलेला केबिनचा फोटो बघितला. एका पडद्यावर नकाशा, दुसऱ्यावर समुद्राच्या तळाचा आलेख, बाजूला वायरलेस सेट, छपरावर ट्रान्सपॉन्डरचा डबा. खाली लिहिलंयस, ‘आबा, आता सगळं मशीन करतं, कष्ट उरलेच नाहीत.’ आयटीआयचं डिझेल मेकॅनिकचं सर्टिफिकेट हातात आहे, बोटीचा मालक, नाखवा, इंजिन ड्रायव्हर म्हणून घ्यायला तयार आहे, ऑगस्टमध्ये बोटीवर चढायचं तू ठरवून टाकलंयस. जा. मी नको म्हणणार नाही, या घरात तीन पिढ्या समुद्रावरच जेवल्या आहेत. पण ते कष्टांबद्दलचं वाक्य मला पटलं नाही. फोनवर तू ‘हो आबा, हो आबा’ करून सुटशील, म्हणून लिहितो. पावसाळ्यातली मासेमारीची बंदी चालू आहे, बोटी नांगरावर आहेत, तुला वाचायला वेळ आहे.

यंत्रांचा मला राग नाही, हे आधी सांगतो. ‘आमच्या वेळी’ म्हणून छाती फुगवणारे म्हातारे मलाही आवडत नाहीत. मी ट्रॉलरवर गेलो तेव्हा केबिनमध्ये होकायंत्र होतं आणि एक रेडिओ, तोही गाण्यांचा आणि हवामानाच्या बातमीचा. खोली मोजायला दोरीला बांधलेलं शिशाचं वजन. दोरी वावावावाने सोडायची, वजन तळाला टेकलं की हाताला कळायचं. वर काढून त्याच्या बुडाला चिखल चिकटलाय की वाळू ते बघायचं. चिखल असला तर कोळंबीची आशा, काहीच चिकटलं नाही तर खाली खडक असण्याची भीती. जागा लक्षात ठेवायची ती किनाऱ्यावरच्या खुणांनी. रत्नदुर्गावरचं दीपगृह अमुक डोंगराच्या नाकावर आलं आणि दक्षिणेकडचं देऊळ झाडीतून सुटलं की खाली खडक. खुणांच्या दोन जोड्या, दोन रेषा, त्या छेदतात तिथे आपली बोट. हे गणित बोट चालवणारा, शाळा न बघितलेला तांडेल डोक्यात करायचा आणि मरेपर्यंत दुसऱ्याला सांगायचा नाही. पोटच्या मुलालाही उशिरा सांगायचा.

मग जीपीएस आलं. सुरुवातीचे डबे शंभरेक मीटर चुकायचे, कारण अमेरिकेचं लष्कर नागरी वापराचा संकेत मुद्दाम बिघडवून सोडत होतं. २ मे २००० ला त्यांनी तो बिघाड काढून टाकला आणि एका रात्रीत चूक दहा-वीस मीटरवर आली. वॉशिंग्टनच्या त्या हुकुमाने कोकणातल्या बंदरांत काय झालं ते कोणी लिहून ठेवलं नाही, म्हणून मी लिहितो. तोवर खडकाच्या आसपास जाळं ओढायची कोणाची छाती नव्हती. लाखाचं जाळं अडकलं तर मोसमच बुडायचा. आता खडकाला खेटून, त्याच्या कडेकडेने जाळं ओढता यायला लागलं. मोठी मासळी त्याच आसऱ्याला असते. जाळं फाटायच्या भीतीने ज्या जागा आपोआप राखल्या गेल्या होत्या, त्यांची राखण संपली.

दुसरी गोष्ट तांडेलाची. त्याच्या डोक्यातल्या जागा आकड्यांत उतरल्या. आम्ही त्यांना पॉइंट म्हणायला लागलो. आकडा वहीत उतरवता येतो, फोनवर सांगता येतो, विकताही येतो. पूर्वी तांडेल रुसून दुसऱ्या बोटीवर गेला तर मासळी त्याच्याबरोबर जायची, त्यामुळे नाखवा त्याच्याशी जपून बोलायचा. आता तांडेल जातो, डबा बोटीवरच राहतो, आणि महिन्याभरात कमी पैशांवर नवा माणूस त्याच पॉइंटवर जाळं टाकतो. तुझ्या वयाची मुलं विचारतात, तांडेलाची आता गरज काय? गरज आहे, मात्र त्याची किंमत कमी झाली.

इको-साउंडर हे मला आवडलेलं यंत्र. पाण्यात आवाज सेकंदाला साधारण दीड हजार मीटर जातो. तीस मीटर खोलीवर तो तळाला आपटून परत यायला सेकंदाचा पंचविसावा भाग लागतो, तेवढ्यात पडद्यावर रेघ उमटते. तळ कठीण असेल तर रेघ जाड येते, चिखल असेल तर मऊ, पसरट. मधल्या पाण्यात मासळीचा थवा असेल तर ढग दिसतो. पण तो ढग तारलीचा की बांगड्याचा, अंगाने भरलेला की बोटभर पिल्लांचा, हे तुझा पडदा सांगत नाही. ते जाळं वर आल्यावरच कळतं, आणि तेव्हा उशीर झालेला असतो.

हैदराबादहून इन्कॉइसचा अंदाजही येतो, मासळी कुठे मिळण्याचा संभव आहे त्याचा. उपग्रह पाण्याचं तापमान बघतो, हरित शेवाळाचा रंग बघतो, त्यावरून पट्टे काढतात. चांगलं काम आहे, डिझेल वाचतं. ढग आले की उपग्रहाला खालचं दिसत नाही आणि अंदाज येत नाही, एवढं लक्षात ठेव. आणि हेही की तो अंदाज तुझ्या एकट्याच्या फोनवर येत नाही. सकाळी त्या पट्ट्यात पोचशील तर अर्धं बंदर तिथे आधीच आलेलं असेल.

आता तुझ्या वाक्याकडे येतो.

ट्रॉलिंगचं चक्र कागदावर मांडून बघ. विंचवरून दोन वायरी सुटतात, त्यांच्या टोकाला दोन फळ्या. बोट ताशी अडीच-तीन सागरी मैलांनी चालते, पाण्याच्या दाबाने फळ्या बाहेरच्या बाजूला पळतात आणि जाळ्याचं तोंड उघडं राहतं. दोन-तीन तास ओढायचं. मग विंच, मग जाळ्याची शेवटची खोळ डेकवर मोकळी करायची, आणि लगेच जाळं परत पाण्यात. डेकवर जो ढीग पडतो त्यात कोळंबी, म्हाकूल, राणीमासा, बळा, सौंदाळे, खेकडे, पाकट, शिंगाळा, कधी समुद्रसाप, कधी प्लॅस्टिक. उकिडवं बसून ते निवडायचं, धुवायचं, टबात भरायचं, खणात उतरून बर्फात घालायचं. शिंगाळ्याचा काटा लागला तर हात दोन दिवस ठणकतो, पाकटाचा लागला तर बोटच जाऊ शकतं. निवडायला तास-दीड तास. फाटलं असेल तर जाळं शिवायला आणखी. उरलेला वेळ झोप, म्हणजे तासभर, फार तर दीड तास, आणि मग पुन्हा विंच. दिवसरात्रीत जाळं सहा-सात वेळा वर येतं. हे आठ-दहा दिवस, काही बोटींवर पंधरा दिवस.

पूर्वी असं नव्हतं, कारण असं करताच येत नव्हतं. पहाटे निघायचं, किनारा दिसेल एवढ्याच अंतरात जाळं ओढायचं, अंधार पडायच्या आत बंदर गाठायचं. रात्री खुणा दिसत नाहीत, मग जाळं कशाच्या भरवशावर टाकणार? रात्र ही खलाशाची सुट्टी होती. ती नाखव्याने दिलेली नव्हती, सरकारनेही नाही, अंधाराने दिलेली होती. जीपीएसने अंधार संपवला. बर्फ आणि मोठ्या खणाने रोज परतण्याची गरज संपवली, मोठ्या टाकीने अंतराचा प्रश्न सोडवला. विंचने हातांचा जोर वाचवला हे खरंच आहे, माझे खांदे त्याची साक्ष देतील. पण वाचलेला एकही तास खलाशाला झोपायला मिळाला नाही. प्रत्येक यंत्राबरोबर जाळं आणखी एकदा पाण्यात गेलं.

असं का होतं, तर नाखवा दुष्ट आहे म्हणून नव्हे. मी चांगले नाखवेही बघितलेत. फेरीच्या खर्चात निम्म्याहून अधिक डिझेल. तांडेल म्हणतो शेजारच्या बोटीचं इंजिन मोठं आहे, ती आपल्या आधी पोचते. मग कर्ज काढून मोठं इंजिन. माझ्या वेळी शंभर अश्वशक्तीचं इंजिन म्हणजे मिरवायची गोष्ट होती. आज कर्नाटकातल्या मालपेच्या बाजूच्या हायस्पीड बोटी साडेतीनशे-चारशे अश्वशक्तीच्या चिनी इंजिनांवर येतात, आणि मालवणपासून इथपर्यंत त्यांच्याशी भांडणं चालू असतात. त्यांच्याबरोबर धावायचं तर तेवढंच डिझेल जाळायचं. तेवढं डिझेल भरून काढायचं तर जाळं थांबवायचं नाही. जाळं थांबत नाही तर माणूस झोपत नाही. तू इंजिनचा माणूस आहेस, तुला ही साखळी माझ्यापेक्षा लवकर कळेल.

जगात याला नियम आहे. आंतरराष्ट्रीय कामगार संघटनेने २००७ मध्ये मासेमारीतल्या कामाविषयी १८८ क्रमांकाचा करार केला, तो नोव्हेंबर २०१७ पासून लागू झाला. तीन दिवसांहून जास्त समुद्रात राहणाऱ्या बोटीवरच्या माणसाला चोवीस तासांत किमान दहा तास आणि आठवड्यात किमान सत्त्याहत्तर तास विश्रांती मिळालीच पाहिजे, असं त्यात लिहिलं आहे. थायलंडने २०१९ मध्ये त्याला मंजुरी दिली, आशियात पहिली. भारताने दिलेली नाही. दहा तास! आमच्या बंदरात हा आकडा सांगितला तर लोक हसतात. मीही पहिल्यांदा ऐकून हसलो होतो, आता हसू येत नाही. माझ्या डोळ्यांदेखत ज्यांची बोटं गेली ती विंचमध्ये गेली, आणि पहाटेच्या जाळ्याला गेली. दुपारी दोन वाजता वायरीवर पाय पडत नाही.

ही माणसं कोण, तेही बघ. गावातली मुलं बोटीवर यायची थांबली. आज रत्नागिरीच्या बोटींवर नेपाळची पोरं आहेत, ज्यांच्या देशाला समुद्रच नाही. कर्नाटकातले आहेत, झारखंड-ओडिशाचे आहेत. मोसमाच्या आधी उचल घ्यायची आणि मे अखेरपर्यंत फेडायची. काही उचल घेऊन पळतात, ते खरं आहे, नाखवे त्याबद्दल तासभर बोलतील. पण जे पळत नाहीत त्यांच्याबद्दल कोणी बोलत नाही. ड्रायव्हर म्हणून तुला झोपायला बरी जागा मिळेल, त्यांना मिळणार नाही. त्यांना ‘ए बहादूर’ म्हणून हाक मारू नकोस, नाव विचार.

सुरक्षेचं म्हणशील तर यंत्रांनी जीव वाचवले, इथे वाद नाही. ११ नोव्हेंबर २००९ ला फयान वादळ आलं तेव्हा बोटी समुद्रात होत्या, आणि घरची माणसं धक्क्यावर उभी राहून एकमेकांना विचारत होती, दुसरं साधन नव्हतं. २०१७ च्या डिसेंबरात ओखी आलं तेव्हा केरळ-तमिळनाडूच्या बोटी शेकडो खलाशांसह देवगडला सुखरूप लागल्या. घरी बातमी पोचली तेव्हा तिकडे त्यांचा शोध चालू होता. आता इस्रोच्या उपग्रहावरून चालणारे ट्रान्सपॉन्डर आलेत. एक लाख बोटींवर ते बसवण्याच्या योजनेची सुरुवात ३० ऑगस्ट २०२४ ला आपल्या पालघरमध्येच झाली. फोनची रेंज नसली तरी त्यावर वादळाचा इशारा येतो, संकटात कळ दाबता येते, दोन ओळींचा निरोपही जातो. काही तांडेल तो बंद ठेवतात, आपली जागा कळेल म्हणून. वायरलेसवर दहा टब मासळीला ‘दोनच मिळाले’ सांगायची ज्यांना सवय, त्यांना स्वतःचा पत्ता देणारं यंत्र कसं आवडणार! तुझ्या बोटीवर तो चालू असला पाहिजे. बॅटरीची जबाबदारी ड्रायव्हरची असते.

पहारा वाढला त्यालाही कारण आहे. २६ नोव्हेंबर २००८ ला मुंबईवर हल्ला करणारे ज्या बोटीतून आले ती ‘कुबेर’, पोरबंदरची मासेमारी बोट. तिच्यावरचे पाचही जण त्यांनी मारले, तांडेलाला शेवटी, मुंबई दिसेपर्यंत बोट चालवून घेऊन. त्या हल्ल्यातल्या मेलेल्यांची नावं घेताना हे पाच बहुतेकांना आठवत नाहीत. त्यानंतर ओळखपत्रं आली, बोटींना रंग ठरले, तपासण्या आल्या. समुद्रात तटरक्षक दलाने थांबवलं तर कुरकुर करू नकोस, कागद वरच्या खणात ठेव.

आणि नकाशावर सरहद्द दिसली म्हणजे बोट सरहद्दीच्या अलीकडे राहते, असंही समजू नकोस. आपल्या डहाणू-पालघरचे खलाशी गुजरातच्या बोटींवर जातात आणि पाकिस्तानच्या तुरुंगात सापडतात. पडद्यावर रेघ स्पष्ट असते. रेघेपलीकडे मासळी असते. रेघ ओलांडायची की नाही हे खलाशाला कोणी विचारत नाही, तुरुंगात मात्र तोच जातो.

मासळीचं थोडक्यात सांगतो, कारण त्यावर भांडायला गेलो तर आणखी दहा पानं लागतील. ट्रॉलिंग आलं ते नॉर्वेच्या मदतीने, १९५३ पासून केरळात नींदकराला सुरू झालेल्या प्रकल्पाच्या मागोमाग. साठच्या दशकात कोळंबीला परदेशात भाव आला आणि साऱ्या किनाऱ्याने तो धडा गिरवला. गोव्यात किनाऱ्यावरून जाळं ओढणाऱ्या रापणकारांनी सत्तरच्या दशकात त्याविरुद्ध आंदोलन उभं केलं. माथानी साल्ढाणांसारखे लोक त्यात होते. ट्रॉलर किनाऱ्याजवळ येऊन आमच्या पोटावर पाय देतात, एवढंच त्यांचं म्हणणं होतं. गोव्याचा मासेमारीचा कायदा १९८० चा, आपला १९८१ चा. दोन्ही त्या रागातून आले. मी तेव्हा ट्रॉलरच्या बाजूचा होतो, आजही ट्रॉलर बंद करा म्हणणार नाही. पण रापणकार म्हणत होते ते खरं होतं.

आता नियम आहे की जाळ्याच्या खोळीला चौकोनी आस, म्हणजे छिद्रं, हवेत. नेहमीचे आस ओढ पडली की मिटतात आणि पिल्लूही सुटत नाही. चौकोनी आस ओढ पडली तरी उघडे राहतात. सरकारने चोपन्न जातींची किमान लांबीही ठरवली आहे. पापलेट, जो २०२३ पासून राज्याचा मासा आहे, तो १३५ मिलिमीटरच्या खालचा धरायचा नाही. तरी धक्क्यावर जा आणि कुट्याचे ढीग बघ, खताला आणि कोंबड्यांच्या खाद्याला जाणारी बोट-दोन बोटं लांबीची पिल्लं. जानेवारी २०२५ पासून किनाऱ्यावर ड्रोन फिरतात. ड्रोनला बोट दिसते, आस दिसत नाही. तो तुला दिसेल.

ड्रायव्हर म्हणून तीन-चार गोष्टी मात्र नीट ऐक. दोन महिने बंद पडलेल्या मासळीच्या खणात पहिल्या दिवशी थेट उतरू नकोस, कोणाला उतरू देऊ नकोस. तळातल्या सडक्या पाण्यातून विषारी वायू सुटतो. थोडा असला तर कुजक्या अंड्यासारखा वास येतो, जास्त असला तर वासच कळेनासा होतो आणि माणूस उभ्याचा खाली पडतो. त्याला काढायला दुसरा उतरतो, तोही पडतो. झाकणं उघडून आधी हवा खेळू दे, पाणी उपस. विंचच्या पट्ट्यावर जाळी नसेल तर बसवून घे, हजार-दोन हजारांचं काम आहे. इंजिनरूममध्ये कानाला झाकणं लाव. माझा डावा कान गेलाय, म्हणून तू फोनवर ओरडून बोलतोस. आणि अपघात विम्याच्या यादीत तुझं आणि प्रत्येक खलाशाचं नाव आहे का ते बघ. मरण किंवा कायमचं पूर्ण अपंगत्व आलं तर पाच लाख मिळतात, हप्ता सरकार भरतं. नाव नसलं तर काही मिळत नाही.

बंदी ३१ जुलैला संपते. त्याआधी एकदा बोटीवर जाऊन ये. पडदे बघून झालेत. आता झोपायच्या जागा मोज, लाइफ जॅकेट मोज आणि माणसं मोज. मग नाखव्याला सरळ विचार, रात्री माणसं आळीपाळीने झोपतात का, किती तास, आणि वादळाचा इशारा आला तर परतायचं कोणी ठरवायचं, तांडेलाने की फोनवरून त्याने. उत्तर देईल ते मला जसंच्या तसं कळव. ‘बघू, चालतं तसं’ म्हणाला तर नम्रपणे नमस्कार करून ये. दुसरी बोट आपण शोधू. मिरकरवाड्यात चांगले ड्रायव्हर कमी आहेत, बोटी कमी नाहीत.

तुझा,
आबा